तुमीची वाचा

माझा व्यवसाय सांगितला की लोक दोनच प्रश्न विचारतात. एक, "म्हणजे तोतऱ्या मुलांना शिकवता का?" आणि दुसरा, "आमच्या मुलाचं इंग्लिश जरा सुधारून द्याल का?" सिंगापुरात दुसरा प्रश्न जास्त. माझ्या सासूबाई अखेरपर्यंत पुण्यातल्या शेजारणींना सांगत असत, की सून तिकडे दवाखान्यात बोलायच्या शिकवण्या घेते. ते अगदीच चूक नव्हतं. स्पीच थेरपिस्ट म्हणून नोकरीचा बहुतेक काळ मी मोठ्या माणसांनाच बोलायला शिकवलं. फक्त ही सगळी माणसं आधी उत्तम बोलत होती.

मेंदूच्या डाव्या बाजूला रक्त पोचलं नाही, की काही जणांची वाचा जाते. त्याला वाचाघात म्हणतात. वाचा जाते म्हणजे आवाज जात नाही, आणि अक्कल तर मुळीच जात नाही, हे मला नातेवाइकांना रोज सांगावं लागे. समजा, स्वयंपाकघर जागच्या जागी आहे, डाळ-तांदूळ, मीठ-मसाला सगळं भरलेलं आहे, फक्त कुणीतरी सगळे डबे एकसारखे करून ठेवलेत. जिरं हवं असतं आणि हाताला मोहरी लागते. आपल्या हाताला मोहरी लागली हे माणसाला कळतं, आणि वाईट वाटतं ते त्याचंच. नातेवाईक मात्र त्याच्याशी मोठ्याने बोलू लागतात, जणू बिचारा बहिरा झालाय.

सिंगापुरातल्याच यिशुन भागात राहणारे एक मराठी चीफ इंजिनिअर माझ्याकडे यायचे. आयुष्य जहाजावर काढलेलं. मेंदूच्या ॲटॅकनंतर त्यांच्याकडे दोनच शब्द उरले होते, "ऑल ओके." पाणी हवं का, "ऑल ओके." दुखतंय का, डोळ्यांतून पाणी आणि तोंडाने "ऑल ओके." मी काकूंना समजावत होते की हे आजारामुळे आहे, तर त्या म्हणाल्या, "छे हो, तीस वर्षं बोटीवरून फोन करून मला हेच सांगायचे. मी कधी खरं मानलं नाही, आता तरी का मानू?" त्या दिवशी मी सेशन लवकर आटोपलं.

दुसऱ्या एक चिनी आजी. त्यांना मँडरिन यायची, थोडी इंग्रजी यायची, दोन्ही गेल्या आणि लहानपणीची तिओच्यू बोली तेवढी परत आली. नातवंडांना तिओच्यूचा एक शब्द येईना. शेवटी त्यांच्या इमारतीखालच्या हॉकर सेंटरमधला, म्हणजे खाण्याच्या गाळ्यांतला, पेजवाला म्हातारा दुपारी दुकान आवरून वर यायचा आणि आजी काय म्हणतायत ते नातवंडांना सांगायचा. बहुतेक वेळा त्या जेवलात का एवढंच विचारत असायच्या.

कोणती भाषा आधी परत येईल याचा ठोकताळा नाही. कुणाची आईची भाषा आधी येते, कुणाची रोजच्या वापरातली, कुणाच्या सगळ्या मिळून कालवण होतं. हे मी विद्यार्थ्यांना शिकवलं आहे, परीक्षेत विचारलंही आहे. पण ते कुणाच्या आयुष्यात काय करतं, हे मला तुमीने दाखवलं.

तुमी आमच्याकडे आली तेव्हा तिने तिशी नुकतीच ओलांडली होती. आफ्रिकेतल्या बोत्सवानाची मुलगी, इथल्या बुओना व्हिस्टाच्या एका संशोधन संस्थेत खगोलशास्त्रज्ञ. मानेतली रक्तवाहिनी आतून फाटली, गुठळी झाली आणि ती मेंदूत डावीकडे जाऊन अडकली. इतक्या लहान वयात असं होतं का, असं सगळे विचारतात. होतं. उजव्या हातात जोर नव्हता, चालणं जवळजवळ ठीक होतं, आणि वाचा गेली होती.

तिचं पूर्ण नाव बोइतुमेलो, म्हणजे आनंद. घरचे-दारचे सगळे तुमी म्हणत. फाइलवर ते वाचून मला हसू आलं, कारण आमच्या गावाकडे 'तुम्ही'चं 'तुमी' होतं. पुढे कधीतरी मी तिला हे समजावून सांगितलं, की माझ्या भाषेत तुझं नाव घेतलं की आपोआप मान दिला जातो. ती खूप वेळ हसली. मग डाव्या हाताचा अंगठा स्वतःच्या छातीला लावून म्हणाली, "तुमी," आणि बोट माझ्याकडे करून, "नो तुमी." आजारानंतरचा तिचा हा पहिला विनोद, आणि तो माझ्यावरच होता.

तिची कहाणी मला तुकड्यातुकड्यांनी कळली, काही तिच्या प्रोफेसरांकडून, काही नंतर तिच्या आईकडून. आई गावच्या शाळेत मुलांचं जेवण रांधायची. तुमी शाळा सुटल्यावर त्या स्वयंपाकघराच्या मागे बसून वरच्या वर्गांची गणितं सोडवायची. एका मास्तरांच्या ते लक्षात आलं, मग शिष्यवृत्ती, मग दक्षिण आफ्रिकेत विद्यापीठ, मग डॉक्टरेट, मग सिंगापूर. ही सगळी वाट इंग्रजीतून गेलेली. तिचं काम प्रोफेसरांनी मला असं सांगितलं, की आकाशात एक तारा आहे, दिसायला एकटा, पण चालताना किंचित झोल जातो. तो झोल मोजून तुमीने दाखवलं की त्याच्याजवळ न दिसणारं काहीतरी फार जड आहे, आणि दोघं एकमेकांभोवती फिरतायत. बाकीच्यांनी त्या ताऱ्याकडे पाहून सोडून दिलं होतं.

गणित तिचं जसंच्या तसं राहिलं होतं. प्रोफेसर एकदा भेटायला आले तेव्हा अर्धवट राहिलेला एक हिशेब घेऊन आले. तिने डाव्या हाताने पेन घेतलं आणि वाकड्यातिकड्या आकड्यांत तो पुढे नेला, अगदी शेवटपर्यंत. मग प्रोफेसरांनी विचारलं, की कसं वाटतंय. तिने तोंड उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं, आणि काहीच आलं नाही. ते उंचेपुरे गृहस्थ डोळे पुसत बाहेर गेले.

शब्द यायला लागले ते सेत्स्वाना भाषेत, म्हणजे तिच्या आईच्या. आमच्या इस्पितळात बारा भाषांचे दुभाषे मिळतील, सेत्स्वानाचा एकही नाही. मी फोनवरच्या ॲपच्या भरवशावर काम चालवलं. तिचा शब्द कानाला लागेल तसा देवनागरीत लिहून घ्यायचा आणि मग शोधायचा. देवनागरीसारखी सोय नाही, जे ऐकलं ते उतरतं.

आमच्याकडे चित्रांची कार्डं असतात. घड्याळ, चमचा, कुत्रा. अशा मुलीला चमचा दाखवायची मला लाज वाटली, म्हणून मी तिच्या विषयातली चित्रं छापून आणली. चंद्र, दुर्बीण, ग्रह, आणि मृग नक्षत्राचा एक सुंदर फोटो. चंद्राचा शब्द आला. मृगाच्या फोटोतल्या मधल्या तीन ताऱ्यांवर मी बोट ठेवलं, तर ती स्पष्ट म्हणाली, "दिकोलोबे." माझ्या मराठी कानाला ते 'कोल्होबा' ऐकू आलं आणि मी मनात हसले. मग शोधलं, तर अर्थ निघाला डुकरं. ताऱ्याला त्यांच्याकडे 'नालेदी' म्हणतात हे मी आधीच पाठ करून ठेवलं होतं. मी मान हलवली आणि उत्तर चूक म्हणून नोंदवलं. खुर्ची दाखवली की टेबल म्हणायचं, अशी चूक या आजारात नेहमीचीच. तिने पुन्हा म्हटलं, "दिकोलोबे," आणि मग कार्डच टेबलावरून भिरकावून दिलं. रुग्ण असे चिडतात, तेही नेहमीचंच.

तिची आई आली ती त्यानंतर. ठेंगणी, जाड बांध्याची बाई, निळ्या बारीक छापाचा ड्रेस आणि खांद्यावर शाल. इंग्रजी कामापुरती. त्यांच्याकडे कुठल्याही बाईला मानाने 'म्मा' म्हणतात, आणि मुलाच्या नावावरून आईला हाक मारायची रीत आहे, आपल्याकडे बाळूची आई म्हणतात तशी. त्या मला म्मा म्हणायच्या, मी त्यांना म्मा-तुमी. कार्डं चाळताना त्यांच्या हाती तो फोटो लागला, आणि त्या लेकीकडे पाहून सहज म्हणाल्या, "दिकोलोबे." मी त्यांना तो शब्द पुन्हा म्हणायला लावला. मग त्यांनी मला समजावलं, की हे तीन तारे म्हणजे तीन रानडुकरं, आणि खाली हे तीन अंधूक, ते कुत्रे. कुत्रे डुकरांच्या मागे लागलेत. गावातल्या शेंबड्या पोरालाही हे माहीत असतं.

मी म्हटलं, आमच्याकडे ते हरीण आहे, आणि तुमची डुकरं म्हणजे हरणाच्या पोटात घुसलेला बाण, आणि तो मागे लखलखतोय तो व्याध. म्मा-तुमींनी फोटो नीट न्याहाळला. "म्हणजे तुमच्याकडेही कुणीतरी कुणाच्या तरी मागे लागलंच आहे," त्या म्हणाल्या. तुमी आमच्या दोघींकडे आळीपाळीने बघत होती. मी तिच्यासमोरच त्या नोंदीवरची फुली खोडली.

आई आल्यावर सेत्स्वाना झपाट्याने परतली. आधी जेवणाचे शब्द, मग नात्यांचे, मग गावच्या भांडणांचे, मग पूर्ण वाक्यं. मी खोलीत शिरायचे तेव्हा दोघींची बडबड चाललेली असायची. म्मा-तुमी एकदा मला बाजूला घेऊन म्हणाल्या, की मुलगी शाळेसाठी शहरात गेली तेव्हापासून फोनवर फक्त बरी आहेस ना, पैसे पोचले ना, एवढंच बोलणं व्हायचं. तिचं काम कळायचं नाही, मग काय विचारणार? "आता ती दिवसभर माझ्याशी बोलते," त्या म्हणाल्या. त्यांना आनंद झाला होता आणि त्या आनंदाची त्यांना भीतीही वाटत होती, हे त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

इंग्रजी मात्र येईना. येई ती थेंबाथेंबाने. आणि तिचं सगळं काम होतं इंग्रजीत. मी सुचवून पाहिलं, की ताऱ्याचं ते काम आधी सेत्स्वानात सांग. ती बराच वेळ विचार करत बसली. मग तुटक इंग्रजीत म्हणाली, "आईशी सगळं. कामाचं... काही नाही." मला कळायला वेळ लागला. त्या भाषेत तिच्याकडे कामाचे शब्द कधी नव्हतेच. ती शाळेत गेली, शिकली, विचार करायला लागली, तो सगळा हिशेब दुसऱ्या घरात मांडलेला होता, आणि त्या घराची किल्ली हरवली होती. परत आलेल्या घरात डुकरं होती, कुत्रे होते, आई होती.

त्या संध्याकाळी टॅम्पिनीसला घरी आल्यावर मी माझ्या मुलीला विचारलं, की समज, तुझी वाचा गेली तर कुठली भाषा परत येईल असं वाटतं? ती फोनमधून मान वर न करता म्हणाली, "इंग्लिश लाह, आई. व्हॉट एल्स?" मी ताटं मांडायला लागले. थोड्या वेळाने तिने मान वर केली. "अँड युअर्स? ओन्ली मराठी? देन हाऊ विल आय टॉक टू यू?" ती घाबरली होती. मी तिला जवळ घेतलं आणि जेवायला वाढलं. लहानपणी ती घरात मराठीच बोलायची, पण शाळेच्या पहिल्या वर्षातच ते सुटलं आणि आम्ही फार ताणलं नाही.

तुमीची आजारपणाची रजा संपत आली. तिची फेलोशिप वाढवायची की नाही हे एक समिती ठरवणार होती, आणि फेलोशिप नाही म्हणजे इथे राहायचा पास नाही, पास नाही म्हणजे सिंगापूर सोडायचं. प्रोफेसर भला माणूस. त्यांनी सांगितलं, की संस्थेतल्या लोकांपुढे तिने आपलं काम मांडलं, थोडक्यात का होईना, पण स्वतःच्या तोंडाने, तर ते समितीकडे जोर लावू शकतील. तिच्या वतीने बोलायलाही ते तयार होते. तुमीने दोन्ही हात हलवून नाही म्हटलं, उजवाही, जो नीट उचलत नव्हता.

मग आम्ही तयारीला लागलो. प्रत्येक चित्राला एक वाक्य, वाक्यात शक्यतो सोपे शब्द. तिच्या शास्त्रात त्या न दिसणाऱ्या जोडीदाराला 'कम्पॅनियन' म्हणतात. हा शब्द तिच्या तोंडात काही केल्या येईना. कम्पनी यायचं, कॅम्प यायचं, एकदा तर कॅमेल आलं आणि आम्ही दोघी पोट धरून हसलो. आमच्या कामात रस्ता बंद असला तर वळसा घालायला शिकवतात. मी तिला वळसा दिला, 'द स्टार इज नॉट अलोन.' तारा एकटा नाही. हे जमलं. बसमध्ये, जिन्यात, जेवताना ती हे पुटपुटत असायची, असं आई सांगायची. आईलाही ते पाठ झालं होतं.

भाषणाच्या दिवशी मी रजा घेऊन बुओना व्हिस्टाला गेले. लहानसा हॉल, एसी नेहमीसारखा कडक. पुढे समितीचे दोघं-तिघं, मागे विद्यार्थी, शेवटच्या रांगेत शालीत गुरफटलेल्या म्मा-तुमी. सुरुवातीलाच मी उठून सगळ्यांना विनंती केली, की ती अडली तर शब्द पुरवू नका, तिचं वाक्य तुम्ही पूर्ण करू नका, फक्त थांबा. हे मी हजारदा सांगितलेलं भाषण आहे. सगळ्यांनी माना डोलावल्या.

तिने सुरुवात छान केली. स्वतःचं नाव, ताऱ्याचं नाव, तो कुठे आहे. आवाज थरथरत होता पण शब्द येत होते. झोल दाखवणारी नागमोडी रेघ पडद्यावर आली. "द स्टार इज नॉट," ती म्हणाली, आणि थांबली. पुन्हा म्हणाली, "द स्टार इज नॉट." आम्ही थांबलो. कुणी खोकलं नाही. तिचे ओठ हलत होते. मग तिने डोळे मिटले आणि सेत्स्वानात बोलायला लागली.

आधी सावकाश, मग वेगाने. हात पडद्याकडे जात होता, आमच्याकडे येत होता. मला एक शब्द कळत नव्हता, पण आयुष्यभर मी सूर ऐकत आले आहे, आणि तो सूर निरोगी माणसाचा होता. वाक्यं पूर्ण होत होती. एकही अडखळा नाही, एकही चुकीचा डबा नाही. जे त्या भाषेत सांगता येत नाही असं ती म्हणाली होती, ते ती सांगत होती, या विचाराने माझा ऊर भरून आला. शेवटी आवाज खाली उतरला आणि ती गप्प झाली. प्रोफेसरांनी टाळी वाजवायला सुरुवात केली, मग सगळ्यांनी. सर्वांत जोरात बहुधा मीच वाजवल्या असतील. समितीतली एक बाई डोळे टिपत होती. तुमी आमच्याकडे बघत उभी राहिली, आणि मग रिमोट टेबलावर ठेवून खुर्चीत बसली. मागे म्मा-तुमींचे हात शालीच्या आतच होते. मला वाटलं, थंडी वाजत असेल.

समितीने फार सौजन्याने नाही म्हटलं. शोधनिबंधावर तिचं नाव पहिलं राहील, परिषदेत तो प्रोफेसर वाचतील, घरी बरं वाटल्यावर पुन्हा अर्ज करायला मोकळी आहे, वगैरे. कुणाची चूक काढावी असं त्यात काही नव्हतं. तुमीने ते ऐकून घेतलं आणि आईला सेत्स्वानात दोन वाक्यांत सांगितलं. त्या दिवसापासून तिने माझ्यासमोर इंग्रजी शब्द काढला नाही. मी कार्डं काढली की ती खिडकीबाहेर बघायची.

मायलेकी निघायच्या आदल्या दिवशी मी त्यांच्या फ्लॅटवर गेले. तुमी खाली मैत्रिणींना निरोप द्यायला गेली होती. म्मा-तुमी बॅगा भरत होत्या. मी सोबत बेसनाचे लाडू नेले होते, त्यांनी एका लाडवाचा वास घेऊन बघितला आणि डबा कपड्यांमध्ये नीट ठेवला. काहीतरी चांगलं बोलावं म्हणून मी म्हटलं, की समितीने काहीही ठरवलेलं असो, त्या दिवशी तुमी तुमच्या भाषेत फार सुंदर बोलली. मला कळलं काहीच नाही, पण इतकं सलग ती आजारानंतर चार लोकांत कधी बोलली नव्हती. "त्या ताऱ्याबद्दल काय सांगितलं तिने?" मी विचारलं.

त्या शालीची घडी घालता घालता थांबल्या.

"ताऱ्याचं?" त्या म्हणाल्या. "ताऱ्याचं ती काही बोलली नाही, म्मा. ती म्हणत होती, थांबा. उठू नका, जाऊ नका, जरा थांबा. मला हे सगळं येतं, माझंच आहे हे, फक्त शब्द सापडू दे, थांबा. हेच पुन्हा पुन्हा."



त्यांनी घडी पूर्ण केली, ती बॅगेत सारली, आणि माझी समजूत काढावी तशा म्हणाल्या, "मग तुम्ही सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मला वाटलं, तुमच्याकडे तशी पद्धत असेल."